टापूवाले काका

टापूवाले काका भांडल्याशिवाय राहू शकत नसत. दिल्लीत यमुनेपलीकडच्या कुष्ठरोग्यांच्या वसाहतीत मी जखमांच्या ड्रेसिंगसाठी जायची, तेव्हा गल्लीच्या तोंडाशीच त्यांचा आवाज कानावर पडे. कधी पाण्यावरून, कधी शेजारीण कमलेशच्या बकरीवरून. मी दिसले की हिंदी सोडून मराठी सुरू. "या बाई. पुन्हा उशीर. तुमच्या सरोजिनी नगरात घड्याळं मिळत नाहीत काय?"

लहानपणी अंगावर चट्टे उठले, तेव्हा वडिलांनी त्यांना खाडीतल्या एका बेटावर नेऊन सोडलं. तिथे फक्त याच आजाराची माणसं राहत. "बाप होडीतून उतरलाच नाही," काका सांगत. "मला वाटलं, धोतर भिजेल म्हणून."

तरी बेटाबद्दल ते कधी वाईट बोलले नाहीत. तिथेच ते विणकाम शिकले, तिथेच त्यांचं लग्न झालं. "सगळेच सारखे. कोण कुणाला नावं ठेवणार?" पुढे औषधं आली, आजार बरा झाला, बेट रिकामं झालं. न्यायला कुणीच आलं नाही, म्हणून एका ओळखीच्या मागोमाग काका-काकू दिल्लीला आले. इथे बेटाला टापू म्हणतात; टापूवाले हे नाव इथलंच.

काकू गेल्या त्या वर्षी गावाहून पुतण्या आला, विनायक. "काका, आता घरी चला," म्हणाला. काका नवा सदरा घालून गेले. मला फार बरं वाटलं होतं.

महिनाभरात ते परत आले, एकटेच.

"काय झालं, काका?"

"काही नाही. माणसं चांगली आहेत. मागची खोली दिली, पंखा दिला. ताट दाराशी ठेवून जायचे. एकदा म्हटलं, आमटी खारट झालीय. सून 'बरं' म्हणाली नि गेली. अहो, उलट उत्तर तरी द्यायचं."

तेवढ्यात कमलेश दारात आली. "आ गए? चार दिन चैन से कटे थे हमारे." काकांचे डोळे भरून आले आणि नेहमीच्याच आवाजात ते तिच्यावर खेकसले.

मागच्या हिवाळ्यात काका गेले. विनायक आला, त्यानेच अग्नी दिला. स्मशानातून परतल्यावर कमलेशने त्याला आपल्या घरी जेवायला बसवलं. तिच्या उजव्या हाताला दोनच बोटं उरली आहेत. त्या हाताने तिने वाढलं. विनायक क्षणभर थांबला, मग जेवू लागला.

"ताई," मान खाली घालून तो मला म्हणाला, "आमच्याकडे होते, तेव्हा एकदा तरी त्यांच्यासोबत बसायला हवं होतं."

कमलेशला मराठी कळत नव्हती. तिने त्याच्याकडे पाहिलं आणि न विचारताच आणखी एक पोळी त्याच्या ताटात टाकली.