वहीतला सामुराई

भारतातून आमच्याकडे आलेल्या सासऱ्यांना जवळजवळ ऐकू येत नाही. म्हणून इथे जर्मनीत, कार्ल्सरूहेच्या विद्यापीठात शनिवारी दुपारी जुना जपानी मूकपट दाखवणार आहेत हे कळल्यावर मीच त्यांना उत्साहाने घेऊन गेले. मधूनमधून येणाऱ्या संवादांच्या पाट्या जर्मनमध्ये. त्या मी वहीत मराठीत लिहून द्यायच्या, असं ठरलं. मूकपटाला साथ करणाऱ्या पियानोवाल्याच्या दिव्याचा उजेड मिळावा म्हणून आम्ही पहिल्या रांगेत बसलो. नसती हौस, दुसरं काय!

गोष्ट एका तरुण सामुराईची. तो धन्याच्या गढीवर पहाऱ्याला असतो आणि गावाहून निरोप येतो: वडील थकलेत, एकदा येऊन जा. धनी म्हणतो, "तुझं घर आता हेच." ती पाटी वाचली आणि मला नवराच आठवला. त्याच आठवड्यात नवऱ्याला जर्मन नागरिकत्वाची टेर्मिन, म्हणजे कचेरीत जायची तारीख, मिळाली होती. भारतीय पासपोर्ट जाणार, आणि 'दोन वर्षांत परत येतो' हा सासऱ्यांना, म्हणजे बाबांना दिलेला शब्दही. "बाबांना एवढ्यात काही बोलू नकोस, मी सांगेन," असं त्याने मला बजावलं होतं. इमान राखायची पाळी माझ्यावरही होतीच.

चोराच्या मनात चांदणं. मी वहीत लिहिलं, 'धनी म्हणतो, जा, भेटून ये.' पण पडद्यावरचा तो मेला हलेचना! म्हातारा दारात बसून वाट बघतोय, आणि हा भाला घेऊन तिकडेच उभा. मी लिहिलं, 'वाटेत पूर आलाय.' पुढच्या पाटीला लिहिलं, 'ओसरला की निघेल.' बाबा वाचायचे, पडद्याकडे बघायचे, मग माझ्याकडे. शेवटी म्हाताऱ्याचं ते दार रिकामं दिसलं, तेव्हा मी वही मिटली.

परतताना ट्रॅममध्ये बाबा नुसते खिडकीबाहेर बघत होते. एरवी त्यांचा आवाज अख्ख्या डब्याला ऐकू जातो. मला त्यांच्याकडे बघायची भीती वाटत होती. त्यांनी वही मागितली, पेन्सिल मागितली आणि माझ्या पुराच्या खाली लिहिलं, 'आपला पण परत येणार नाही ना?'

मी पेन्सिल परत घेतली. त्याखाली 'नाही येणार' एवढंच लिहिलं.

त्यांनी ते वाचलं. पान नीट फाडून, घडी करून शर्टाच्या खिशात ठेवलं आणि चक्क हळू आवाजात म्हणाले, "मला कळलंय हे त्याला सांगू नकोस हं. घाबरेल तो."