मरणाऱ्या नटाला वन्स मोअर

एमआरटी मेट्रोत शेजारच्या आजोबांच्या गुडघ्याला लावलेल्या बामाचा वास आला आणि माझं डोकं पुन्हा तापलं.

दहा वर्षांपूर्वी इथल्याच पाया लेबार भागातल्या एका हॉलमध्ये कार्यक्रमाला असाच बाम चोळून एक जपानी नट आला होता. तलवारबाजीच्या सिनेमांत जन्मभर नायकाच्या हातून मरणारा. निवेदकाने त्याचं साधं नावही सांगितलं नाही! इथल्या लकबीत म्हणाला, "अंकल, मरून दाखवा लाह!"

सत्तरीचा तो माणूस कमानीसारखा मागे वाकला आणि धाडकन फरशीवर कोसळला. लोक चक्क हसले. मी संतापून उभा राहिलो. निदान आपण तरी खरी दाद द्यावी, म्हणून नाटकाच्या सवयीने ओरडलो, "वन्स मोअर!"

त्याने गुडघा दाबत मला वाकून नमस्कार केला आणि पुन्हा पडला.

निवेदकाला मी अजून शिव्या घालतो. पण दुसऱ्यांदा त्या नटाला मी पाडलं.