दोस्त राष्ट्रं आणि विहीणबाई

आंधळा मागतो एक डोळा, देव देतो दोन. माझ्या आठवीतल्या नातीला शाळेत दुसऱ्या महायुद्धातल्या दोस्त राष्ट्रांवर प्रोजेक्ट करायचा होता, आणि मी नागपूरच्या शाळेत उभी हयात इतिहास शिकवण्यात घालवलेली. हिटलरविरुद्ध एकत्र आलेले ते तीन देश, त्यांचे तीन प्रमुख, त्यांच्या बैठका, सगळं मला तोंडपाठ. तिने विषय सांगितला तेव्हा मी मनातल्या मनात पदर खोचला.

अडचण एवढीच, की या वेळी घरात दोन आज्या होत्या.

एरवी आम्ही आलटूनपालटून येतो. सहा महिने मी, मग सहा महिने पुण्याच्या विहीणबाई. इथे अमेरिकेत, श्रूजबरीतल्या बऱ्याच मराठी घरांत हीच पद्धत आहे आणि ती शहाणपणाची आहे. पण लेकीने नवं घर घेतलं, आणि वास्तुशांतीला दोन्हीकडची माणसं हवीत म्हणून आम्हा दोघींना एकाच वेळी बोलावलं. वास्तुशांत एका सकाळी उरकली. आम्ही दोघी मात्र उरलो.

नातीला मी जेवणाच्या टेबलापाशी बसवलं आणि पद्धतशीर सुरुवात केली. कारणं, आघाड्या, करार. रशियाची माणसं सगळ्यात जास्त मरत होती, तुम्ही पश्चिमेकडून दुसरी आघाडी उघडा म्हणून ते कधीचे मागे लागले होते, हेही सांगितलं. ती "ओके आजी, ओके आजी" म्हणत फोन बघत होती. टेबलाच्या दुसऱ्या टोकाला विहीणबाई मेथी निवडत होत्या. त्यांना इराण नकाशावर दाखवता येणार नाही, हे मी पैजेवर सांगते. त्यांनी मान वर न करता विचारलं,

"ताई, हे तिघं पहिल्यांदा भेटले तेव्हा उतरले कुठे?"

असला प्रश्न माझ्या वर्गात कुणी विचारला असता तर मी त्याला खाली बसवलं असतं. पण विहीण पडली. मी सांगितलं, तेहरानला. ब्रिटिश आणि रशियन वकिलाती शेजारीशेजारी होत्या. अमेरिकेचे अध्यक्ष सुरक्षेच्या कारणाने रशियन आवारात राहायला गेले. ब्रिटनच्या पंतप्रधानांनी त्यांना दुपारी जेवायला बोलावलं, तर नको म्हणाले.

विहीणबाईंनी मेथीची जुडी खाली ठेवली. "अगं बाई. म्हणजे मुक्काम मुलाकडच्यांच्या जानवशावर, आणि आपल्याच माणसाच्या घरी जेवायला नकार. रुसले असतील की हो ते."

नातीने फोन पालथा ठेवला. "व्हॉट्स जानवसा?"

झालं. पुढे सगळी संध्याकाळ विहीणबाईंची. लग्नात वरपक्ष कुठे उतरतो, त्यांना सामोरं कोण जातं, कुणाला फेटा बांधायचा राहिला म्हणून कुठला मामा जेवायचा थांबला. पोरगी पोट धरून हसत होती आणि भराभर टाइप करत होती.

"सो रशिया इज मुलाकडचे?" तिने विचारलं.

"अगदी. एवढी माणसं गेली त्यांची, दुसरी आघाडी मागून मागून थकले बिचारे. त्यांचा मान नको का राखायला?"

हे मीच तर सांगितलं होतं, अर्ध्या तासापूर्वी, याच टेबलावर. माझा नुसता तिळपापड झाला. मला हेवा वाटला, दुसरा शब्द नाही त्याला. शिकवणारी मी, आणि पोरगी त्यांच्या खुर्चीला खुर्ची लावून बसलेली.

प्रोजेक्ट वर्गात सादर करायचा होता आणि प्रत्येकाने घरचं एक मोठं माणूस बोलवायचं होतं. जेवताना नातीने जाहीर केलं, "पुण्याची आजी इज कमिंग." मी वरणात लिंबू पिळत राहिले. नंतर लेक स्वयंपाकघरात माझ्या मागे आली.

"आई, फील करू नकोस प्लीज. त्यांचा मान ठेवायला हवा ना. तू काय, घरचीच."

मुलीची आई झाल्यापासून हे वाक्य मी ऐकते आहे. लग्नात पहिली पंगत त्यांची, मी घरची. इकडे खालच्या मजल्यावरची मोठी खोली त्यांची, मी घरची. मी भांडी जरा आदळलीच.

शेवटी विहीणबाईच आग्रह करून मला घेऊन गेल्या. "कुणी इंग्रजीत काही विचारलं तर माझी पंचाईत होईल," म्हणाल्या. वर्गाच्या बाईंनी त्यांना नारायणपेठ साडीसकट पहिल्या रांगेत बसवलं आणि माझ्यासाठी मागे एक खुर्ची टाकली. नातीने तीन बलाढ्य देशांना लग्नघरात नेऊन सोडलं. वर्ग हसला, आणि मला मान्य करायला नको होतं तरी, सगळ्यांना सगळं समजलं.

मग तिच्या बाईंनी विचारलं, रशियाच्या प्रमुखाला हसवण्यासाठी अमेरिकेच्या अध्यक्षांनी आपल्या जुन्या मित्राची, ब्रिटिश पंतप्रधानांची, त्याच्यासमोर थट्टा का केली?

उत्तर माझ्या जिभेवर होतं. हातही अर्धा वर गेला होता.

नात इंग्रजीत म्हणाली, कारण त्यांना त्या मित्राची खात्री होती. जो हातचा जाऊ शकतो त्याच्याशी आपण गोड वागतो. दुसरा कुठे जाणार आहे?

बाई खूश झाल्या. विहीणबाईंनी तर टाळ्याच वाजवल्या. त्या उत्तराचा अर्थ त्या वर्गात माझ्याइतका कुणाला कळला नसेल, खुद्द पोरीलाही नाही.

गाडीत विहीणबाई पुढे बसल्या, नात माझ्याशेजारी मागे. तिने कोट, दप्तर आणि पाण्याची बाटली माझ्या मांडीवर टाकली आणि पुढे वाकून त्यांना त्यांचे फोटो दाखवू लागली. मला राहवलं नाही.

"मी रागावून नागपूरला निघून गेले तर गं?"

तिने वळून माझ्याकडे पाहिलं. "यू? नो वे, आजी." आणि हसत सुटली. मग माझ्या खांद्यावर डोकं टाकून हसत राहिली. विहीणबाईंना तिने असा खांदा कधी मागितला नव्हता. आणि तरीही मला त्यांना मिळणारा मानच हवा होता.