अक्कांचा दुसरा ग्लास

हे मी आजवर कुणापाशी बोललेले नाही. नवऱ्यापाशी नाही, सख्ख्या बहिणीपाशी नाही, देवासमोर एकटी बसले असतानाही नाही. मग आत्ताच का? — कारण परवा फोनवर मी तेच खोटं पुन्हा बोलले. सहज बोलले. आणि फोन ठेवल्यावर स्वतःचा इतका संताप आला की मळत होते ती कणीक तशीच परातीत टाकून बाहेर पायरीवर जाऊन बसले.

मी कामाची बाई आहे, असं सगळे म्हणतात. वारंगा फाट्यावर आमचं कोल्ड्रिंक-आइस्क्रीमचं दुकान आहे. माल, गिऱ्हाईक, घर, पाहुणे — सगळ्याच्या याद्या माझ्याकडे असतात. नात्यात कुठे लग्न निघालं की आधी मला बोलावणं येतं. माझं काही फसलेलं कुणी पाहिलं, की मला सहन होत नाही. याला मी बरीच वर्षं गुण समजत होते.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. आम्ही दुकानामागे घर बांधलं. मे महिन्यात वास्तुशांत झाली, आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी यांच्या मित्रांनी गच्चीवर पार्टी ठेवली. खाली आदल्या दिवसापासून मुक्कामाला राहिलेल्या बायका होत्याच. वर पुरुष, खाली बायका. वर काय चाललंय हे खाली ठाऊक असतं, आणि ठाऊक नसल्यासारखं सगळ्या जेवतात. तुमच्याकडेही असंच असेल.

यांचा एक मित्र पुण्याला हॉटेलात काम करून परत आला होता. तो म्हणाला, "वहिनी, बाटल्या आन् फरसाण काय कुणीबी ठेवतंय. तुमच्याकडं एवढा मोठा डीप फ्रीझर हाय, स्लश करू." म्हणजे काय, ते त्यानंच सांगितलं. काळ्या चहाचं गार पाणी, साखरेचा पाक, मोसंबीचा रस, लिंबू, पुदिना — आणि व्होडका. सगळं एका मोठ्या डब्यात घालून फ्रीझरमध्ये ठेवायचं, मधून मधून हलवायचं. गोळ्यासाठी किसलेल्या बर्फासारखं होतं, पण जास्त मऊ. आयत्या वेळी डावाने ग्लासात भरायचं. गर्दीला द्यायला याच्यासारखं सोपं काही नाही.

मला ते फार आवडलं. आधीच करून ठेवता येतं, ऐनवेळी धावपळ नाही. मी दोन डबे केले. एक गच्चीसाठी. दुसरा बायकांसाठी, बाकी सगळं तेच, फक्त व्होडका नाही. डब्यांवर खुणेच्या चिठ्ठ्या चिकटवल्या. माझ्याकडून अदलाबदल झाली, असं तुम्हाला वाटत असेल तर तसं नाही. तसं झालं असतं तर मी हे केव्हाच हसत हसत सांगितलं असतं.

खाली बसलेल्या बायकांत अक्का होत्या. यांची थोरली बहीण. सासूबाई लवकर गेल्या, यांना अक्कांनीच वाढवलं. अक्कांचं सासर जवळा बाजारच्या पुढे, एका लहान गावात. नवरा दारूत गेला. तेव्हापासून दारू म्हटलं की त्या पेटून उठायच्या. डॉक्टरांनी खोकल्याचं औषध दिलं तरी आधी विचारायच्या, "यात तसलं काही न्हाई ना?" गावातल्या हातभट्टीच्या दारात जाऊन बसलेल्या बाई त्या. भाऊ गच्चीवर काय करतो, हे त्यांना कळत नव्हतं थोडंच? संध्याकाळी भरल्या बैठकीत, माझ्या माहेरच्या बायकांसमोर, त्या म्हणाल्या, "घर झ्याक बांधलं गं सुमन. पर नवऱ्याला वळण काहून न्हाई लावलं? नव्या घरात दुसऱ्याच दिवशी बाटल्या!"

बायका हसल्या. माझी आईही हसली. मीही हसले.

मग बायकांचा डबा उघडला, तर आत दगड. फिकट तपकिरी, डब्याच्या आकाराचा दगड. डाव वाजवला तर ठण्णकन आवाज आला. त्यातच लाइट गेलेली, म्हणजे मिक्सरही बंद. मी बत्ता घेऊन बसले. कपच्या उडाल्या, वरचा बर्फ पाण्याच्या चवीचा, तळाशी सगळी साखर. घामाने पदर भिजला. बाहेर बायका ग्लासांची वाट बघत बसलेल्या. आणि शेजारी गच्चीचा डबा — अगदी लोण्यासारखा. चमचा टाकला की आत जात होता. दारू गोठत नाही आणि तीच बर्फालाही घट्ट होऊ देत नाही, हे त्या मित्राने मला सांगितलंच नव्हतं!

मी गच्चीच्या डब्यातले चार-पाच डाव बायकांच्या डब्यात घातले आणि घोटून एकजीव केलं. एवढ्याने काय होतं, म्हटलं.

बायकांनी वाहवा केली. अक्कांनी ग्लास हातात घेतला, वास घेतला, आणि माझ्याकडे बघून विचारलं, "सुमन, यात तसलं काही न्हाई ना?"

मी म्हणाले, "न्हाई हो अक्का. मोसंबीचं हाय."

त्यांना जी दारू माहीत होती तिला वास होता. याला पुदिन्याचा वास. त्या प्यायल्या.

इतक्यावर थांबावं असं वाटतं. अडचणीत सापडले, चार बायकांत लाज वाटली, एक खोटं बोलले — माणसं समजून घेतात. मनातल्या मनात मी स्वतःला बरीच वर्षं इथवरच सांगत आले. कारणांचीही यादी केली होती: लाइट, तो मित्र, उकाडा, गच्चीवरच्या पार्टीचा यांचा हट्ट. यादी लांब झाली की आपण सुटलो, असं वाटतं ना?

पण अक्कांनी दुसरा ग्लास मागितला.

रिकामा ग्लास पुढे करून म्हणाल्या, "लई ग्वाड झालंय गं, अजून दे." मी आत गेले. बायकांच्या डब्यात अजून बरंच होतं. तेच द्यायचं, तर त्याला कुणाची आडकाठी होती? — पण मी तो डबा बाजूला सारला, गच्चीचा उघडला आणि अक्कांचा ग्लास त्यातूनच भरला. काठोकाठ. वर पुदिन्याचं पानही ठेवलं. वळण काहून न्हाई लावलं, हे डोक्यात वाजत होतं, आणि मला आनंद होत होता. घ्या वळण. हाच तो शब्द, आनंद. दुसरा सापडला असता तर तो लिहिला असता.

तो ग्लास संपल्यावर अक्का बोलायला लागल्या. ज्या बाईने नवऱ्याचं नाव कधी काढलं नव्हतं, ती सांगू लागली की तो पहिल्या वर्षी जवळ्याच्या बाजारातून पदरात लपवायला बत्तासे आणून द्यायचा. बायकांनी चेष्टा केली. अक्का हसल्या, हसता हसता रडल्या, आणि माझ्या आईच्या मांडीला टेकून झोपल्या. मी ग्लास गोळा करून विसळले. सकाळी चहाला म्हणाल्या, "लई वर्सानं गाढ झोप लागली गं. तुझं घर लाभलं मला."

तेव्हा सांगता आलं असतं. मी त्यांच्या बशीत चहा ओतला.

पुढे काही वर्षांनी त्यांच्या गावात दारूचं दुकान बंद करण्यासाठी बायकांचं मतदान लागलं. दुकान राहू द्यायचं तर उभी बाटली, बंद करायचं तर आडवी. अक्का घरोघर फिरून राहिल्या होत्या. एका सभेला मी गेले. त्यांनी बोलावलं होतं, आणि दीडशे माणसांच्या चहाचं मीच बघत होते. दुकानवाल्याच्या बाजूचा एक जण मागून ओरडला, "आधी भावाची गच्ची बघा म्हणावं!"

अक्का जागच्या हलल्या नाहीत. म्हणाल्या, "भावाचं मी सांगत न्हाई. माझं सांगते. या जिभंला आजवर थेंब लागलेला न्हाई. माझी भावजय बसलीय हितं. इचारा तिला."

सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. माझ्या हातात चहाची किटली होती. मी होकारार्थी मान हलवली. व्हय, खरं हाय. टाळ्या पडल्या. बाटली आडवी झाली, दुकान बंद झालं. लोक म्हणाले, अक्का खरं बोलल्या म्हणून झालं.

खरं बोलणाऱ्या बाईला मी तिच्याच गावासमोर खोटं बोलायला लावलं, आणि तिला त्याचा पत्ता नाही. त्या दिवशी एक शब्द मी बोलले असते तर बाटली उभी राहिली असती, हे मला माहीत आहे. पण त्या हिशेबाने मी गप्प बसले नव्हते. मी घाबरले होते.

त्यानंतर दर उन्हाळ्यात अक्का यायच्या आणि तेच मागायच्या. "तसलं सरबत कर गं." मी करायची. मोसंबी बदलली, पाक वाढवला, अर्ध्या अर्ध्या तासाला फ्रीझर उघडून काट्याने खरवडलं. चुरा होतो, पण जरा दुर्लक्ष झालं की पुन्हा दगड. ती मऊ चव येत नाही. अक्का दोन घोट घेऊन ग्लास ठेवायच्या आणि मला चिडवायच्या, "घर जुनं झालं, तुझा हात बिघडला." मी चिडायची. खरंच चिडायची, आणि दोन घोटांत नाक मुरडणाऱ्या त्या म्हातारीवर माझा राग निघायचा. याला काय म्हणावं?

दोन वर्षांपूर्वी अक्कांचा मुलगा मनीषाशी लग्न करून तिला घरी घेऊन आला. पोरगी शांत, नीटनेटकी. अक्का आता थकल्या आहेत, प्रवास होत नाही. त्यांनी सुनेला सांगितलं, मामीकडून ते सरबत शिकून घे, मला एकदा प्यायचंय. मनीषाने मला विचारलं. मी सगळं नीट सांगितलं: चहाचं पाणी किती, साखर किती, मोसंबी कुठली घ्यायची. एक वस्तू सोडून.

तिने चारदा केलं. चारदा दगड. परवा तिचा फोन आला. आवाज रडवेला. "मामी, तुम्ही सांगितलं तसंच करून राहिले. बराबर तेवढंच मोजून घेते. तरी आत्याबाई म्हणतात तुझं ध्यान न्हाई. माझं काय चुकून राहिलं, सांगा ना."

मला उत्तर माहीत होतं. मनीषानंतर अजून कुणी विचारेल तेव्हाही माहीत असेल.

मी म्हणाले, "तुझं हलवणं कमी पडतंय."

"व्हय मामी," ती म्हणाली. आणि मागून अक्कांचा आवाज आला, बारीक, थकलेला — "ऱ्हाऊ दे गं. आमच्या सुमनचा हातच येगळा."

मी ते ऐकलं, आणि फोन ठेवला.