तमाशा कोण?

नव्वदच्या दशकात मी शारजात चित्रांच्या फ्रेमा करायचो. कोकणातून सुतारकी शिकून आलेला माणूस, दार-खिडक्यांचं काम संपलं तसा एका फ्रेमवाल्याकडे चिकटलो. तिथे एक इराणी चित्रकार बाई यायच्या. मी त्यांना मॅडम म्हणायचो, त्या मला उस्ताद. बोलणं मोडक्या हिंदीत.

लहानपणी त्यांनी शिराझ सोडलं, ते कायमचंच. तिथलं घर त्या आठवणीने रंगवत होत्या. अंगण, हौद, नारिंगाचं झाड, निळं दार. जवळ फोटो एकही नव्हता.

"उस्ताद, ये मेरा घर है कि मैंने ऐसे ही बना लिया, क्या मालूम," त्या म्हणायच्या.

आता त्यांची आई खोर फक्कान गावाहून, मॅडमच्या भावाकडून, चित्र बघायला येणार होती. तिने घर ओळखलं तर ठीक, नाहीतर मॅडम सगळा रंग खरवडून काढणार होत्या. आणि आईला अर्धवट काही दाखवायचं नाही, म्हणून फ्रेम आधी हवी.

त्या सकाळी मॅडम आईला आणायला गेल्या आणि मी त्यांच्या घरी फ्रेम बसवत होतो. अंगठ्याला पॉलिश लागलेलं, चित्रातल्या दाराचा रंग अजून ओला. कडीखाली, निळ्यावर, माझा तपकिरी अंगठा उमटला. पुसायला गेलो तर आणखी पसरला. आल्या आल्या सांगून टाकायचं ठरवलं होतं. पण मायलेकी हसत आत आल्या आणि माझं सांगायचं राहून गेलं. मी भिंतीला टेकून उभा राहिलो.

आईने चित्रावरून नजर फिरवली, चष्मा काढला आणि पुसत राहिली. मॅडम अधीर होऊन म्हणाल्या, "मामान, तमाशा कोन!"

तमाशा कोण? म्हणजे डाग दिसला, आणि हा तमाशा कोणी केला विचारतायत!

"मी!" मी मराठीतच ओरडलो. "मी केला, मॅडम! गलती से अंगूठा लग गया!"

दोघी वळून बघायलाच लागल्या. मी डाग दाखवला. मॅडमचा चेहरा उतरला. आईने चष्मा लावला, डागाला नाक लावून पाहिलं आणि काहीतरी म्हणत खदखदून हसली. मॅडमचेही डोळे भरले, पण हसूनच.

"माँ बोलती है, इतना साफ दरवाजा देखके लगा पडोसी का है। हमारे दरवाजे पे तो मेरे ही गंदे हाथ रहते थे।"

आई बोट नाचवत म्हणाली, "हमीन! हमीन!" म्हणजे हेच, हेच.

मग चहा आला. 'तमाशा कोन' म्हणजे फारसीत नुसतं 'बघ' असतं, हे मला तेव्हा कळलं. आमच्याकडे तमाशा म्हणजे ढोलकी आणि लावणी, आणि घरात झाला तर भांडण, हे मी सांगितलं. आईने ढोलकी वाजवून दाखवायला लावली. मी फ्रेमच्या खोक्यावर वाजवली.

डाग मॅडमनी तसाच ठेवला. पुढे नवं चित्र झालं की त्या फोन करायच्या. "उस्ताद, तमाशा कोन?"

"मी!" मी म्हणायचो, आणि हातातलं काम टाकून निघायचो. अंगठा मात्र आधी स्वच्छ धुवून.