चुलतीची गोष्ट आमच्या गावात

आमच्या घरातली मी पहिली पदवीधर. साप चावल्यावर काय करावं, हे गावोगाव सांगणाऱ्या एका संस्थेनं मला नोकरी दिली, हे मी विसरणार नाही. तरीही तिथं माझ्या चुलतीची गोष्ट ऐकताना मला पहिल्या दिवसापासून खटकत होतं.

चुलतीला कांदे खुरपताना घोणस चावली होती आणि ती वाचली होती. आमच्या संस्थेच्या मॅडमना असंच माणूस हवं होतं. दौंडकडच्या गावांत ती माईक धरून सांगायची, “साप चावला, लगेच दवाखान्यात गेले, म्हणून आज तुमच्यासमोर उभी आहे.” टाळ्या पडायच्या. पण साप चावला त्या दिवशी मी घरीच होते. तिला आधी देवळात नेलं होतं.

मॅडमना विचारलं, तर म्हणाल्या, “देवळाचं काढलं की लोक दुखावतात. गोष्ट सरळ हवी.” चुलती म्हणाली, “मला जे सांगाया लावलंय ते मी सांगते. आपल्या गावात तेवढा कार्यक्रम लावू नगा.”

शिरूर तालुक्यातला पहिला कार्यक्रम आमच्याच गावात लागला.

चुलतीनं ‘लगेच’ म्हणताच बायकांत कुजबुज सुरू झाली. “व्हय, इमानात बसून गेलती!” मागून कुणीतरी म्हणालं. “आता मॅडमच्या गाडीतनं फिरती, खरं कशाला सांगंल?”

चुलतीनं माईक तोंडापासून लांब धरला. दुसऱ्या दिवशी याच बायकांबरोबर तिला खुरपायला जायचं होतं. पुढं आबा हाताची घडी घालून बसले होते. आमच्याकडं साप चावलेल्याला देवळात कडुनिंबाचा पाला चावायला देतात. कडू लागला तर विष चढलं नाही, असं धरतात. तो पाला द्यायचे आबाच.

मॅडम ‘पुढं बोला’ अशी खूण करत होत्या. चुलतीनं माईक खाली ठेवला.

“देवळातच गेलते. पाला कडू लागला. मीच म्हणले, काय न्हाई झालं. पाय सुजत चालला तरी बसून ऱ्हायले. हिरड्यातनं रगात आलं तवा जीप काढली. डॉक्टर म्हणले, आजून उशीर झाला असता तर हाती लागली नसतीस.”

कुणी हसलं नाही. हे मीच पढवलंय, अशा नजरेनं मॅडम माझ्याकडं बघत होत्या. आबा उठले. आता भांडण होणार, असं मला वाटलं.

“म्हंजी कडू लागला तरी इख असतंय?”

“असतंय, आबा.”

“मला कवा बोलली न्हाईस.”

“तुम्ही कवा इचारलं?”

आबा मॅडमकडं वळले. आवाजात अजून विश्वास नव्हता. “आन् दवाखान्यात ते इखावरचं इंजेक्शन कायम असतंय का? का पोचल्यावर म्हणत्यात, पुण्याला न्या?”

इतक्या गावांत हे आम्हाला कुणी विचारलंच नव्हतं.

“उद्या माझ्याबरोबर चला, आबा,” मी म्हणाले. “आपणच दवाखान्यात जाऊन बघून येऊ.”