आवाज न करणाऱ्या रिव्हॉल्व्हरवरचा लेख

माझी बायको इकडे आखातात, रास अल खोरच्या एका कारखान्यात ड्रॉइंग काढायची. कारखाना पंपांची आणि व्हॉल्व्हची सील बनवायचा. आपलं सगळं आयुष्य गळती थांबवण्यात गेलं, असं ती हसून म्हणायची. बंदूक तिनं कधी हातात धरली नव्हती. तरी एका दिवाळी अंकाच्या संपादकांना तिनं विषय सुचवला तो आवाज न करणाऱ्या रिव्हॉल्व्हरचा. ते हो म्हणाले.

"रिव्हॉल्व्हर म्हणजे गळका नळ आहे रे," ती मला सांगायची. "लोक तोंडाला बोळा लावतात आणि गळतंय मागून."

काडतुसांचं चक्र फिरायचं तर चक्र आणि नळी यांच्यात बारीक फट ठेवावीच लागते. बार उडाला की तापलेला वायू त्या फटीतून फुटून बाहेर येतो. नळीच्या तोंडाला काहीही बसवा, आवाज होतोच. लेखाचा पहिला भाग या फटीवर होता. दुसरा शंभराहून अधिक वर्षांपूर्वीच्या एका युक्तीवर होता. तिच्यात चक्रच पुढं सरकून नळीला चिकटतं आणि फट बुजते. तिसरा व्हिएतनामच्या भुयारांवर होता. अमेरिकन सैनिक एका हातात टॉर्च आणि दुसऱ्या हातात पिस्तूल घेऊन आत सरपटत जात. तेवढ्याशा जागेत बार काढला की त्यांचेच कान बधिर होत. मग अमेरिकेतल्या कारागिरांनी फटीचा नाद सोडला आणि वायू काडतुसातच कोंडला. काडतुसातला छोटा दट्ट्या छर्रे पुढं ढकलतो आणि तोंडाशी अडकून बसतो. वायू बाहेर येतच नाही, म्हणून आवाज नाही. अशी रिव्हॉल्व्हरं थोडीच बनली, थोडे दिवस वापरून पाहिली आणि सोडून दिली. पुढं रशियनांनीही असली काडतुसं केली.

माणसं मारायच्या वस्तूबद्दल ती इतक्या मायेनं कसं लिहिते, असं मी एकदा विचारलं. ती म्हणाली, "मी मारण्याबद्दल लिहीतच नाहीये. कोंडण्याबद्दल लिहितेय."

तिला मराठी टाइप करायला वेळ लागे. मी शाळेत ग्रंथपाल, माझा हात बसलेला. ती पेन्सिलीनं लिहायची आणि मी टाइप करून संपादकांना पाठवायचो. आकृत्या ती सवयीनं कारखान्याच्या छापील ड्रॉइंग-कागदावर काढायची आणि मजकूर त्याच कागदांच्या पाठीवर लिहायची. कोपऱ्यातली चौकटही सवयीनं भरायची: नाव, प्रमाण, काढणार, तपासणार. तपासणार या रकान्यात तिनं माझं पूर्ण नाव घातलं होतं.

"माझं कशाला?"

"शुद्धलेखन तूच तपासतोस ना? मग जबाबदारी घे."

चौथा, शेवटचा भाग तिनं आजारी पडण्याआधी लिहून ठेवला होता. हॉस्पिटलात तिनं विचारलं, "चौथा टाइप केलास?"

"हो."

"शेवट बरा झालाय?"

"छान झालाय."

मी तो वाचलासुद्धा नव्हता. घरी गेल्यावर करू, असं रोज ठरवत होतो. ती समाधानानं डोळे मिटून पडली. तीन दिवसांनी गेली.

अंत्यसंस्कार जबल अलीच्या स्मशानभूमीत झाले. अस्थी घेऊन मी गावी जायचं ठरलं. तिचा धाकटा भाऊ शारजाहून आला. डिस्कव्हरी गार्डन्समधल्या आमच्या घरात तोच बॅग भरत होता. गावी बसून चौथा भाग टाइप करावा म्हणून मी ते कागद कपड्यांवर ठेवले होते. त्यानं ते उलगडले.

"दाजी, हे काय?"

"तिच्या लेखाच्या आकृत्या."

"लेखाच्या? हे फॅक्टरीचं ड्रॉइंग आहे. रिव्हॉल्व्हर कापून आतलं दाखवलंय, मापं घातलीत. आणि खाली तुमचं नाव!"

"ते तिनं गमतीनं..."

"ही गंमत विमानतळावर तुम्ही अरबीत समजावणार का? अस्थी आहेत म्हटल्यावर बॅग उघडतीलच."

"मग फोटो काढून ठेवतो."

"फोनमध्ये? आणखी बरं! ताई गेली, दाजी. तुम्ही आत जाऊन बसलात तर तिला गावी कोण नेणार? फाडून टाकू?"

तो रडत होता. मी म्हणालो, "टाक." त्यानं पुन्हा विचारलं. मी पुन्हा तेच म्हणालो.

कागद उलटून वाचायला मला दहा मिनिटं पुरली असती. हा विचार तेव्हा आला नाही, असं मी लोकांना सांगतो. खरं तर आला होता. पण माझी नजर त्या चौकटीवर होती. माझ्या नावाचा कोपरा मी स्वतः फाडला, अगदी बारीक. बाकीचं त्यानं फाडून पिशवीत भरलं आणि बाहेर, कचरा खाली टाकायच्या नळकांड्यात सोडलं. पिशवी खाली आपटल्याचं मला ऐकू आलं.

विमानतळावर बॅग उघडलीच नाही. अस्थींचा दाखला पाहून तिथल्या अधिकाऱ्यानं मान खाली घातली आणि जा म्हणून हात केला.

परत आल्यावर चौथ्या भागासाठी संपादकांचा फोन आला. अंक छपाईला जायचा होता. मी म्हणालो, लिहून बघतो. इकडचं तिकडचं वाचून एवढं कळलं, की बार झाल्यावरही त्या रिकाम्या काडतुसात वायू दाबून भरलेलाच राहतो; ते उघडू नये. मी चार पानं लिहिली. त्यात चूक काही नव्हती, पण तिच्यासारखं एकही वाक्य नव्हतं. करामाच्या बाजारातून परतताना गाडीत तिनं मला शेवट सांगितला होता. "आणि मजा अशी, की..." इथपर्यंत मला तिचा आवाज ऐकू येतो. पुढं मी हं हं करत होतो आणि पार्किंग मिळेल का याची काळजी करत होतो. किती वेळा डोळे मिटून त्या गाडीत बसलो. पुढचं येत नाही.

मी संपादकांना कळवलं, चौथा भाग नाही.

"ठीक आहे, तिसऱ्यावर थांबू," ते म्हणाले. "पण तिसऱ्याचं शेवटचं वाक्य अडचणीचं आहे." त्यांनी ते वाचून दाखवलं: "बाहेर न आलेल्या त्या वायूचं पुढं काय होतं, हे सांगण्यासाठीच मी हा लेख लिहायला घेतला." मग म्हणाले, "ते सांगितलेलंच नाही. वाचक विचारतील. काढू का?"

"काढा," मी म्हणालो.

अंक आला. दोघातिघांनी लेख आवडल्याचं कळवलं. कुणालाही तो अपुरा वाटला नाही.